मुभा ठेवून

१२ जून २०२४, बुधवार

आजींच्या सरतपासाचं शपथपत्र लिहायला फाईल सोडली. लिहायला बसण्याआधी सगळी फाईल पहिल्या पानापासून वाचायची, ही शिस्त माझ्या सीनिअरनी लावलेली. मी ती पाळतो असं ज्युनिअरना सांगतो. खरं म्हणजे दहात चारदा पाळतो. आज पाळली आणि अडकलो.

रे. मु. नं. १४३/२०२२. वादी चौऱ्याहत्तर वर्षांची विधवा. रस्त्याकडेला डाळिंबाची बाग, बांधालगतच्या ओळीत एकवीस झाडं. प्रतिवादी एकच, रस्तारुंदीकरणाचा ठेकेदार. मागणी अशी की रस्त्याकडचा सहा फुटी पट्टा वादीच्या मालकीचा असल्याचं जाहीर व्हावं आणि ठेकेदाराला कायमची मनाई व्हावी.

ठेकेदाराची कैफियत, कलम ९: आपण केवळ कामाचे ठेकेदार, रस्ता आणि त्याची हद्द शासनाची, शासन आवश्यक पक्षकार असून त्याला सामील केलेलं नाही, सबब दावा चालण्यास पात्र नाही. समासात माझ्याच अक्षरात पेन्सिलीनं एक शब्द लिहिलाय. ‘नेहमीचंच.’

नेहमीचंच म्हणजे, प्रत्येक कैफियतीत असतंच. मुदतबाह्य, कोर्ट फी अपुरी, आवश्यक पक्षकार नाही. टायपिस्टला पाठ असलेली ओळ. मुद्दे काढताना कोर्टानं ती मुद्दा क्र. ४ म्हणून घेतली, तेव्हाही मी मान वर केली नव्हती. आज मात्र आजींच्या तोंडी काय घालायचं याचा विचार करताना कळलं की उलटतपासात पहिला प्रश्न येणार, ‘रस्ता कुणाचा?’ आजी खोटं बोलायच्या नाहीत. ‘सरकारचा’ म्हणतील. तिथंच दावा आडवा.

१४ जून, शुक्रवार

ज्युनिअरला फाईल दिली होती. आज जेवणाच्या सुट्टीत ती डबा बाजूला सारून बसली.

“सर, दुरुस्ती करू. ऑर्डर एक रूल दहाखाली महाराष्ट्र शासनाला सामील करून घेऊ.”

मी म्हटलं, कर. मग पुढं काय होतं ते सांग. तिनं सांगितलं, आणि सांगता सांगता तीच थांबली. दिवाणी न्यायालयांच्या १८६९ च्या आपल्या जुन्या कायद्याचं कलम ३२ आहे. शासन किंवा शासनाचा अधिकारी हुद्द्याच्या नात्यानं पक्षकार असेल तर दावा वरिष्ठ स्तरातच जातो. आमचं तालुक्याचं कोर्ट कनिष्ठ स्तर. म्हणजे शासन आलं की हे कोर्ट गेलं. शिवाय दिवाणी संहितेच्या कलम ८० ची नोटीस नाही. शासनाविरुद्ध दावा करायचा तर आधी लेखी नोटीस, मग दोन महिने थांबणं. आज सामील केलं तरी नोटिशीवाचूनच केलं असं होईल, आणि सरकारी वकील पहिल्याच तारखेला तेच बोलतील.

“मग ठेकेदाराविरुद्धच चालवू शेवटपर्यंत?”

चालवता येईल. जिंकलो तर हुकूमनामा कुणाविरुद्ध? जो ठेकेदार बिल घेऊन केव्हाच दुसऱ्या जिल्ह्यात गेलाय त्याच्याविरुद्ध. उद्या नवा ठेकेदार नवा जेसीबी घेऊन येईल आणि हा हुकूमनामा मला लागू नाही म्हणेल. बरोबरच म्हणेल.

राहिला एकच रस्ता. ऑर्डर २३ रूल १, पोटनियम ३. त्याच वादकारणावर नव्यानं दावा आणण्याची मुभा ठेवून हा काढून घ्यायचा.

तिनं दोन निवाडे आधीच काढून ठेवले होते. सर्वोच्च न्यायालयाचा २०१७ चा, व्ही. राजेंद्रन विरुद्ध अन्नासामी पांडियन. तमिळनाडूतला, सर्व्हे नंबरच्या घोळाचा. ‘औपचारिक दोष’ कशाकशाला म्हणायचं याची यादी त्यात आहे आणि कलम ८० च्या नोटिशीचा अभाव तिच्यात आहे. दुसरा २०००चा, के. एस. भूपती विरुद्ध कोकिला. हा आपल्या अंगावर येणारा. परवानगी मागितली म्हणून द्यायची नाही, कोर्टानं जपून वागावं, असं सांगणारा. तो मी तिला आधी वाचायला लावला. तिथं दावा मागे घ्यायला निघाले ते थेट दुसऱ्या अपिलात, दोन कोर्टांचे निकाल झाल्यावर. आमचा पुरावा अजून सुरूही नाही. याच आठवड्यात अर्ज द्यायला हवा, आजी पिंजऱ्यात जाण्याआधी.

फाईल बांधताना तिनं सहज विचारलं, “सर, नोटिशीशिवाय तातडीचा दावा ८०(२)खाली कोर्टाच्या परवानगीनं लावता येतो. तेव्हा तो अर्ज का नव्हता दिला?”

चहा आला होता, मी तो प्यालो.

१६ जून, रविवार

का नव्हता दिला ते इथं लिहून ठेवतो. फेब्रुवारी २०२२. आजी नातवाच्या मोटारसायकलवर मागं बसून आल्या, पदर धुळीनं माखलेला. जेसीबीनं सात झाडं उपटली होती. वरिष्ठ स्तर कोर्ट बेचाळीस किलोमीटरवर, तिथं जाऊन ८०(२)चा अर्ज, सरकारी वकिलांना प्रत, त्यांचं म्हणणं, मग कधीतरी हुकूम. इथं माझ्या कोर्टात ठेकेदाराला एकट्याला प्रतिवादी केलं तर संध्याकाळपर्यंत ‘जैसे थे’. मी ते केलं. संध्याकाळी मिळालंही. घरी जाताना स्वतःवर खूश होऊन पेढे घेतले होते, हे बायकोला अजून आठवतं.

म्हणजे विसरलो नव्हतो. गाळलं होतं.

१८ जून, मंगळवार

आजी आणि नातू आले. आजींची एक सवय आहे. दाव्याचा नंबर त्यांनी रेशनकार्डाच्या पाठीमागं लिहून घेतलाय. लिहिलाय नातवानं, पण आकडे त्यांना पाठ. खुर्चीत बसायच्या आधी म्हणतात, “एकशेत्रेचाळीस बावीसचं काय झालं?” बँकेत खातं सांगावं तसं.

मी सांगितलं. हा दावा काढून घेऊ आणि सरकारला धरून पुन्हा लावू.

नातवाचा चेहरा उतरला. “म्हंजे दोन वर्सं फुकट?”

फुकट नाही असं सांगायला मी तोंड उघडलं आणि मिटलं. बरीचशी फुकटच. मी म्हटलं, “चूक माझी आहे. माझी फी नाही.”

मुदतीचं नातवाला समजावून सांगितलं, कारण तो बी.कॉम. आहे आणि त्याला आकडे लागतात. कायदा असं मानतो की पहिला दावा झालाच नव्हता. ऑर्डर २३ चा रूल २ तसंच म्हणतो. तेव्हा तीन वर्षं मोजायची ती पट्टा सरकारचा आहे असं कळवणाऱ्या पत्रापासून. ते पत्र नोव्हेंबर २०२१ चं. म्हणजे नोव्हेंबर २०२४ पर्यंत. नोटिशीचे दोन महिने मुदत कायद्याच्या कलम १५(२)नं वजा होतात, पण ते मी गाठीला ठेवतो, खर्चत नाही. अजून पाच महिने आहेत. हीच गोष्ट दिवाळीत लक्षात आली असती तर काय, याचा विचार रात्री करायचा नाही असं ठरवलंय.

“आन् मनाई?” आजींनी विचारलं.

मनाईही जाणार. दावा गेला की त्यातला ‘जैसे थे’ गेला. दोन महिने उघड्यावर.

इथं मात्र एक गोष्ट आमच्या बाजूची आहे. पावसाळ्यात डांबरीकरण होत नाही. जुलैत मागे घेतला आणि जुलैतच नोटीस दिली तर दोन महिने सप्टेंबरअखेर भरतात, आणि कामाला सुरुवात होते ती दिवाळीच्या आगेमागे. दिवाणी संहितेत पावसाचं कलम नाही, पण तालुक्यातला वकील ते धरून चालतो.

आजी ऐकत होत्या. मग म्हणाल्या, “नंबर बदलंल का मग?”

“बदलेल.”

“कार्डावर जागा न्हाई ऱ्हायली,” असं म्हणून त्यांनी नातवाकडं पाहिलं.

२० जून, गुरुवार

अर्ज लिहिला. दीड पान. तीन तास.

अशा अर्जाचा साचा ठरलेला आहे. ‘वादीकडून अनवधानाने अमुक राहून गेले.’ ‘अनवधानाने’ हा आमच्या धंद्यातला सगळ्यात कामसू शब्द. तारीख चुकली, अनवधानाने. वारस राहिला, अनवधानाने. गट नंबर चुकला, अनवधानाने. न्यायाधीशांनाही माहीत असतं, समोरच्यालाही. पण अर्जासोबत आजींचं शपथपत्र जातं. त्यांनी गाळलेलं नाही, मी गाळलंय, आणि अनवधानानं तर अजिबात नाही. त्यांच्या सहीखाली तो शब्द घालायला हात होईना. ‘वकिलांच्या चुकीमुळे’ असंही लिहून पाहिलं. ते वाचताना मी मोठा प्रांजळ वाटायला लागलो, म्हणून खोडलं.

शेवटी कारण न देता लिहिलं: ‘दाव्यात महाराष्ट्र शासनास पक्षकार केलेले नाही. शासन आवश्यक पक्षकार आहे. शासनास कलम ८० प्रमाणे नोटीस दिलेली नाही. सदर दोषामुळे दावा नामंजूर होण्यास पात्र आहे.’ आपल्याच दाव्याबद्दल हे लिहायचं! शेवटच्या परिच्छेदात नेहमीची खुंटी मारली: परवानगी देणे नसेल तर हा अर्ज मागे घेतला असे समजून दावा पुढे चालवावा. ही ओळ नसेल आणि कोर्टानं नुसतंच ‘काढून घेतला’ म्हटलं, तर त्याच विषयावर पुन्हा दावा आणता येत नाही. वर खर्च अंगावर.

२१ जून, शुक्रवार

वटपौर्णिमा. आमचा टायपिस्ट कोर्टाच्या आवारातल्या वडाखाली बसतो. सकाळी आलो तर त्याच्या टेबलाचा एक पायसुद्धा सुतात गुंडाळलेला. टेबल हलवता येईना, म्हणून दुपारपर्यंत आम्ही सगळ्यांनी वाकडं उभं राहून मजकूर वाचला.

त्यानं टाइप केलेल्या अर्जात दुसऱ्याच ओळीत ‘अनवधानाने’ होतं.

“हे मी लिहिलेलं नाही.”

“असतंय की साहेब. तुमी विसरला असाल म्हणून मी घातलं.”

काढायला लावलं. पान परत काढताना तो जरा नाराज दिसला.

२६ जून, बुधवार

अर्ज दाखल, निशाणी ३८. हुकूम: ‘इतर पक्षाने म्हणणे द्यावे.’ आण्णा, म्हणजे ठेकेदाराचे वकील, प्रत घेताना चष्म्यावरून बघत म्हणाले, “कलम नऊ वाचलंत वाटतं.”

१ जुलै, सोमवार

आजपासून भारतीय न्याय संहिता लागू. बाररूममध्ये फौजदारीवाले सगळे नवी पुस्तकं घेऊन बसलेत, कॉलेजातल्या पोरांसारखे. चारशे वीसचं तीनशे अठरा झालं, तीनशे दोनचं एकशे तीन. एका ज्येष्ठांनी जाहीर केलं की लोक ‘चारशेवीस’ म्हणायचं सोडणार नाहीत, संसदेनं काहीही करावं. आम्ही दिवाणीवाले गप्प. आमची संहिता १९०८ ची आहे आणि या वेळी तिला कुणी हात लावलेला नाही.

९ जुलै, मंगळवार

आण्णांचं म्हणणं आलं, पाच पानं. चार पानं नेहमीची. पाचव्यावर एक ओळ: ‘वादीने नोटिशीची तरतूद टाळण्यासाठी हेतुपुरस्सर शासनास वगळले आहे.’

ज्युनिअर म्हणाली, “यावर काय बोलायचं सर?”

खरं आहे, यावर काय बोलायचं?

१६ जुलै, मंगळवार

युक्तिवाद झाला. अर्धा तास मी, दहा मिनिटं आण्णा. मी २०१७ चा निवाडा वाचला. २०००चाही मीच वाचला, आण्णांनी वाचण्याआधी. न्यायाधीश तरुण आहेत, दीड वर्षापूर्वी बदलून आल्या. त्यांनी फाईल मागं उलटत नेली, दाव्याच्या पहिल्या पानापर्यंत.

“वकीलसाहेब, २०२२ साली शासन आवश्यक पक्षकार नव्हतं का?”

“होतं, मॅडम.”

“मग?”

उत्तर तयार नव्हतं, हे बरं झालं. “नोटीस आणि वरिष्ठ स्तर, दोन्ही टाळायला मी वगळलं. वादीला त्यातलं काही माहीत नव्हतं.”

“हे अर्जात नाही.”

“नाही.”

त्यांनी आण्णांकडं पाहिलं. आण्णांच्या पाचव्या पानावरचं मीच कबूल केल्यामुळं त्यांच्याजवळ फारसं उरलं नव्हतं. ते म्हणाले, खर्च मिळावा. हुकुमासाठी शुक्रवार.

१७ जुलै, बुधवार

आषाढी, आणि मोहरमही आजच. आजींचा फोन बंद. नातू म्हणाला, पंढरपूरला गेलीय, बाग गेली तरी वारी चुकवायची नाही.

‘बाग गेली तरी’ हे नुसतं बोलणं असावं असं मी धरून चाललो.

१९ जुलै, शुक्रवार

अर्ज मंजूर. ‘त्याच वादकारणावर नव्याने दावा दाखल करण्याची मुभा ठेवून वादीस दावा काढून घेण्यास परवानगी देण्यात येते.’ अट: प्रतिवादीला दोन हजार रुपये खर्च, नवा दावा लावण्याआधी.

हुकूम दोनदा वाचला. तिसऱ्या परिच्छेदात आहे: ‘वादीने अनवधानाने शासनास पक्षकार केले नसल्याचे दिसते.’

भर कोर्टात मी उलट सांगितलं होतं. मॅडमनी माझी लाज राखली, की स्टेनोच्या बोटांना वळण लागलंय, कळायला मार्ग नाही. दुरुस्तीचा अर्ज द्यावा का? ‘माझ्या वकिलाने जाणूनबुजून केले’ असं लिहून मागायला जाणारा वादी अजून जन्माला यायचाय. आण्णा शेजारून वाचत होते. म्हणाले, “राहू द्या. तो शब्द भिंतीतल्या खुंटीसारखा आहे, कुणीही काहीही अडकवतं.”

रोजनाम्यात मात्र कारकुनानं नुसतं लिहिलं होतं, ‘दावा काढून घेतला. निकाली.’ मुभेचा शब्दच नाही. निशाणी ३८ वरचा हुकूम खरा, हे मलाही माहीत आहे. पण उद्या वरिष्ठ स्तरात कुणी फक्त रोजनामा दाखवला तर? उभं राहून तीन शब्द वाढवून घेतले, आणि नकलेचा अर्ज तिथंच भरला.

२२ जुलै, सोमवार

दोन हजार रुपये आण्णांना दिले. त्यांनी पुरसिस लिहून दिली, ‘खर्च भरून पावलो’. ही पुरसिस आता नव्या दाव्याला जोडायची, तिच्याशिवाय दरवाजा उघडत नाही. मग त्यातल्याच शंभराची नोट मोडून त्यांनी आम्हा सगळ्यांना भजी आणि चहा दिला. माझ्याच पैशांचा चहा विरुद्ध वकिलाकडून पिण्याची माझ्या एकतीस वर्षांतली ही पहिलीच वेळ नसावी. पण पावतीसह पहिली.

२५ जुलै, गुरुवार

कलम ८० ची नोटीस. या वेळी ज्युनिअरला लिहू दिली आणि मी फक्त वाचली. वादीचं नाव, वर्णन, राहण्याचं ठिकाण. वादकारण. मागणी. दावा शासनावर असल्यानं नाव ‘महाराष्ट्र राज्य’. नुसतं ‘कार्यकारी अभियंता’ लिहून भागत नाही, कलम ७९ तसं सांगतं. एक प्रत जिल्हाधिकाऱ्यांना, एक अभियंत्यांना.

पोस्टानं पाठवून स्वस्थ बसायचा मूड नव्हता. बस धरून जिल्ह्याला गेलो आणि जिल्हाधिकारी कार्यालयाच्या आवक खिडकीवर स्वतः दिली. कायदा म्हणतो, कार्यालयात दिली किंवा ठेवली पाहिजे, आणि दाव्यात तसं लिहिलं पाहिजे. खिडकीवरच्या मुलानं माझ्या प्रतीवर शिक्का मारला तो तिरका आणि फिकट. तारखेतला पाच वाचता येईना. दुसरा मारायला सांगितला. त्यानं शाईच्या पॅडवर थुंकी लावली आणि मारला. ‘२५ जुलै २०२४’ स्वच्छ. या शिक्क्यासाठी एकशे दहा रुपये भाडं आणि अडीच वर्षं.

११ ऑगस्ट, रविवार

नव्या दाव्याच्या चतुःसीमा नीट लिहाव्यात म्हणून शेतावर गेलो. मोजणीची ‘क’ प्रत बरोबर. खरं तर २०२२ मध्येच जायला हवं होतं. तेव्हा मी नकाशा टेबलावर पाहिला होता.

ठेकेदाराची चारी रस्त्याच्या कडेनं येते आणि आजींच्या बागेत शिरून सातव्या झाडाच्या खड्ड्याशी एकदम थांबते, कारण तिथं माझा ‘जैसे थे’ आला. पुढं वाट नसल्यानं रस्त्याचं सगळं पाणी तिथं येऊन बागेत पसरतं. दोन पावसाळे पसरलं. डाळिंबाच्या मुळाला पाणी थांबलेलं चालत नाही. पहिल्या तीन ओळींत मर लागलेली आहे. पानं पिवळी, फांद्या काठीसारख्या. बत्तीस झाडं मोजली. जेसीबीनं सात नेली होती.

मी नातवाला म्हटलं, “अरे, दोन वर्षं पाणी येतंय तर आडवा बांध का नाही घातलात?”

उत्तर आजींनी दिलं. “तुमीच सांगितलं हुतं न्हवं? हाय तसं ठेवायचं. कुनीबी हात लावायचा न्हाई.”

सांगितलं होतं. हुकूम मिळाला त्या संध्याकाळी, पेढे घेण्याच्या आधी. तो हुकूम ठेकेदारासाठी होता, तुमच्यासाठी नव्हे, आणि स्वतःच्या बागेतलं पाणी वळवायला तो आड येत नव्हता, हे सांगायचं राहिलं. इथं तो शब्द चालेल. हे अनवधानानं.

चारीच्या तोंडाशी ओली माती दिसली. बांध घातलेला होता, गुडघाभर, ताजा, मध्ये पोत्यांचा भराव.

“हा कधी घातला?”

“आता हुकूम न्हाई न्हवं,” आजी म्हणाल्या. “तुमी दावा काडला त्याच्या दुसऱ्या दिशी.”

पाणी बांधाला लागून रस्त्याकडं परत फिरत होतं. मी बराच वेळ उभा होतो, कारण बूट चिखलात रुतला होता आणि नातू तो काढत होता.

३० ऑगस्ट, शुक्रवार

पुतण्याचा खंडपीठाहून फोन. रिट याचिकेत खंडपीठाची नाराजी दिसली म्हणून तो उभा राहून म्हणाला, ‘मागे घेतो’, आणि बसला. हुकुमात आलं, ‘याचिका मागे घेतल्यामुळे निकाली’. आता नव्यानं करायची म्हणतो. मी विचारलं, मुभा मागितलीस का? शांतता.

त्याला सरगुजा ट्रान्सपोर्टचा निवाडा वाचायला सांगितला, १९८७ च्या रिपोर्टमधला. बस परमिटचा तंटा होता, पण ठरलं ते सगळ्या रिटवाल्यांसाठी: मुभेशिवाय मागे घेतलेली याचिका पुन्हा घटनेच्या २२६ खाली आणता येत नाही. ‘मागे घेतो’च्या पुढं चार शब्द असतात, ते बोलून मग बसायचं. त्यानं विचारलं, आता काय? मी म्हटलं, आजच त्याच खंडपीठापुढं जा, हुकुमात बदल माग, आणि माझं नाव सांगू नकोस.

२ सप्टेंबर, सोमवार

पोळा. कोर्टात अर्धी हजेरी. दावा वाचला. पहिल्या दाव्याचा इतिहास सांगणारा परिच्छेद अकरावा. ज्युनिअरनं हुकुमातलं वाक्य जसंच्या तसं उतरवून काढलंय, ‘अनवधानाने’सकट, अवतरणचिन्हांत. चिन्हं पाहून हसू आलं. ते वाक्य काढून टाकलं आणि हुकुमाची तारीख, निशाणी, अट आणि खर्चाची पुरसिस एवढंच ठेवलं.

२७ सप्टेंबर, शुक्रवार

दोन महिने परवा भरले. शासनाचं उत्तर आलं नाही.

वरिष्ठ स्तर कोर्ट, बेचाळीस किलोमीटर. आजी पुढच्या सीटवर, मांडीवर पिशवी, पिशवीत सातबारा, ‘क’ प्रत, नोटिशीची शिक्क्याची प्रत, निशाणी ३८ ची नक्कल, आण्णांची पुरसिस. प्रतिवादी १ महाराष्ट्र राज्य, २ कार्यकारी अभियंता. ठेकेदाराला या वेळी घेतलेलंच नाही. गरज नाही. त्याचं नाव काढताना आण्णांची आठवण आली.

तूर्तातूर्त मनाईचा अर्ज रात्री तिसऱ्यांदा लिहिला. पहिल्या दोन्ही मसुद्यांत शेवटी आपोआप ‘परिस्थिती जैसे थे ठेवावी’ आलं होतं. ती ओळ खोडून नेमकं मागितलं: प्रतिवादींनी पट्ट्यात खोदकाम करू नये, चारीचे पाणी वादीच्या गटात सोडू नये, वादीने घातलेला बांध काढू नये, आणि वादीस बागेतील पाण्याच्या निचऱ्याची कामे करण्यास अडथळा करू नये. चौथं कलम वाचून ज्युनिअर म्हणाली, “सर, हे तर आपलं आपल्याला करता येतंच.” येतं. तरी राहू दे म्हटलं.

सत्यापनावर आजींनी सही केली. साक्षरता वर्गात शिकलेली सही, पाच अक्षरं, प्रत्येक अक्षरानंतर पेन उचलून. पाठीमागच्या रांगेतला पक्षकार कुरकुरला. खिडकीवरच्या कारकुनानं पानं मोजली, छाननीचा शिक्का मारला, एक सूची अपुरी म्हणून परत दिली, ती जागच्या जागी भरली. मग रजिस्टर ओढून नंबर लिहिला आणि मोठ्यानं वाचला.

आजींनी पिशवीतून रेशनकार्ड काढलं. जुन्या नंबरावर काट मारलेली होती, नातवानं घरूनच मारून आणली असावी. खाली जागा नव्हती, म्हणून त्यानं नवा नंबर आडवा, कडेनं, वर चढवत लिहिला. आजींनी कार्ड लांब धरलं, जवळ धरलं, ओठ हलवून दोनदा म्हणून पाहिला, आणि मला विचारलं, “तारीख कवाची?”

“चौदा ऑक्टोबर. समन्सची.”

“दसऱ्याच्या म्होरं,” त्या म्हणाल्या, आणि कार्ड पिशवीत ठेवून बसस्टँडची वाट विचारायला लागल्या. गाडी आमचीच होती, हे नातवानं त्यांना सांगितलं.